कारवणे लाईनीची काठी

१

दुपारचं जेवण आटोपलं की मी लिहायला बसत असे. कारवणे बंदरावरच्या बंद पडलेल्या रेल्वे स्टेशनात मी १९३५ च्या सप्टेंबरात राहायला आलो. तिकीट देण्याची जी खोली होती, तीत माझी खाट, कंदील, पुस्तकांची ट्रंक आणि एक डुगडुगतं टेबल एवढं मावत होतं. टेबल मी तिकिटांच्या खिडकीला लावलं होतं. खिडकीबाहेर गुडघाभर उंचीचा फलाट, फलाटापलीकडे खाजणातून गेलेला मातीचा बांध, आणि बांध जिथे वळून दिसेनासा होतो तिथे तिवरांची गर्दी. ओहोटी असली की चिखलाचा वास यायचा. बाजूच्या खोल्यांत कोळ्यांनी जाळी आणि सुक्या बोंबलांच्या डालग्या ठेवल्या होत्या. त्यांच्या मांजरी माझ्या कागदांवर झोपत.

मी कारवणे–बोर्ली लाईनीचा इतिहास लिहीत होतो. सात मैलांची लाईन, अडीच फुटी रूळ, एक इंजिन, चार डबे. १९२४ च्या मार्चमध्ये फुलांच्या माळा घालून सुरू झाली, १९३१ च्या पावसाळ्यात बंद पडली. बोर्ली पंचतनची सुपारी आणि नारळ बंदरावर न्यायचे, बंदरावरचं मीठ आणि मुंबईचं कापड बोर्लीला आणायचं, एवढंच तिचं काम. सात वर्षांत तिच्यावर एकच गोष्ट अशी घडली की जिच्यासाठी इतिहास लिहावा. बाकीची पानं मी त्या एका पानासाठी लिहीत होतो. खरं सांगायचं तर मला इतिहास लिहायचाच नव्हता. मला आरोपपत्र लिहायचं होतं.

पाचव्या की सहाव्या दिवशी लिहिता लिहिता कागदावर सावली पडली. खिडकीशी कुणीतरी उभं राहिलं असावं असं वाटून मी वर न बघताच म्हटलं, "थांबा जरा." वाक्य पुरं केलं आणि मान वर केली, तर कुणी नव्हतं. सावलीही नव्हती. घड्याळात तीनला दहा मिनिटं कमी होती.

मग आवाज आला. चप्, चप्, चप्, चप्. दोन माणसं पळत होती, एकमेकांच्या पावलाला पाऊल जुळवून. तो आवाज मी शाळेत होतो तेव्हापासून ओळखत होतो. लाईनीवर चार चाकांची ढकलट्रॉली असे. दोघं जण तिच्यावर बसत आणि दोघं मागून ढकलत पळत. एक डाव्या रुळावरून, एक उजव्या. अनवाणी. घामेजलेला तळवा तापल्या लोखंडावर पडला की जो आवाज होतो, तो दुसऱ्या कशाचाही होत नाही.

आवाज फलाटासमोरून निघाला, बांधावरून लांब गेला, तिवरांत शिरला आणि थांबला.

मी पुन्हा लेखणी उचलली. 'ट्रॉली गेली' असं सहज मनात आलं. दोन ओळी लिहून झाल्यावर माझा हात थांबला. त्या बांधावरचे रूळ १९३२ मध्येच उपटून नेले होते.

२

"कागद कवा मिळंल?" गोदूबाईने विचारलं.

ती मला भाकरी आणि कालवण आणून देत असे. स्टेशनामागे झापांच्या खोपीत ती एकटी राहायची, खाडीत चिंबोऱ्या धरायची. तिचा नवरा भागोजी लाईनीवर मुकादम होता. १९२८ च्या दिवाळीत पुलावर ट्रॉलीला इंजिनाने मागून धडक दिली आणि भागोजी, तुकाराम, विठोबा आणि विठोबाचा धाकटा भाऊ असे चौघे चिरडले गेले. चौकशी झाली. 'मुकादमाने नियम मोडून, परवान्याची काठी न घेता ट्रॉली नेली. अपघातास तोच जबाबदार' असा निकाल लागला. फलाटावर तो मोठ्याने वाचून दाखवला. आठवड्यात गोदूबाईला कंपनीच्या चाळीतून बाहेर काढलं. त्यानंतर बाकीच्या तिघांच्या घरच्यांनी तिच्याशी बोलणं टाकलं. तिच्या नवऱ्याने त्यांची माणसं मारली होती ना!

"मिळेल," मी म्हटलं. "लाईनीचे साहेब होते त्या शिवदासरावांची सही घेतल्याशिवाय मी पुस्तक छापणार नाही. खरं काय घडलं ते मी स्वतः लिहून आणीन आणि त्यांना सही करायला लावीन. मग तोच कागद मी याच फलाटावर वाचेन."

"समद्यांसमोर?"

"सगळ्यांसमोर."

"विठोबाची आय हाय अजून. बहिरी झालीय. तिच्या कानात वरडून वाचाल?"

"वाचेन."

तिने पदराने हात पुसले. "मंग जेवा. उगा हाडकावानी दिसताय. पुन्याला श्याणं करत्यात पन खाया घालीत न्हाईत वाटतं."

मी हसलो, आणि हसण्याच्या आधाराने विचारलं, "गोदूबाई, दुपारी तुम्हाला बांधावर काही ऐकू येतं का?"

ती ताटली उचलत होती. तशीच थांबली.

"मी त्या टायमाला खाडीत असते," ती म्हणाली. "कंबरभर पान्यात. कान पन पान्यात घालते."

३

करमअली हे लाईनीचे शेवटचे स्टेशनमास्तर. बोर्लीच्या बाजारात त्यांच्या मुलाचं अत्तर-साबणाचं दुकान होतं, त्याच्या ओट्यावर ते दिवसभर बसलेले असत. माझे वडील आणि ते जुने दोस्त, म्हणून मी त्यांना चाचा म्हणायचो. मी त्यांच्याकडे गाडी-रजिस्टर मागायला गेलो होतो. त्यांनी ते दिलं. अपघाताच्या दिवसाचं पान फाडलेलं होतं.

"कुणी फाडलं, चाचा?"

"तू विचारतोयस म्हणजे तुला ठाऊक आहे."

"मला तुमच्या तोंडून हवंय."

त्यांनी दुकानात डोकावून मुलाला काहीतरी आणायला पाठवलं. मग हळू आवाजात बोलले. एका दमात बोलले, जणू सात वर्षं तोंडपाठ करत होते.

लाईनीवर एकच काठी होती. सागवानाची, दोन हात लांब, दोन्ही टोकांना पितळी कडं. ज्याच्या हातात काठी, त्याची लाईन. काठीशिवाय इंजिन काय, ट्रॉलीसुद्धा हलवायची नाही. काठी जमिनीवर ठेवायची नाही, फेकायची नाही, तिसऱ्याकरवी पाठवायची नाही. हातातून हातात. देणारा म्हणे, 'लाईन तुझी.' घेणारा म्हणे, 'लाईन माझी.' परत देताना 'लाईन मोकळी.' एवढं म्हटलं की झालं.

"त्या दिवशी उधाणाने बांध खचला का बघायला भागोजीला पाठवायचं होतं. तो खिडकीशी आला, काठी मागितली. साहेब माझ्या मागे उभे. म्हणाले, आज गाडी नाही, इंजिन नुसतं यार्डात शंटिंग करतंय, काठी कशाला? जा लवकर. भागोजी गेला नाही. पुन्हा म्हणाला, मास्तर, काठी. मी... मी म्हटलं, साहेब सांगतात ना, जा."

"आणि मग?"

"वीस मिनिटांत लाँच लागली. कंपनीचे मोठे डायरेक्टर उतरले. त्यांना बोर्लीला जायचं होतं. मी म्हटलं, साहेब, ट्रॉली लाईनीवर आहे. त्यांनी स्वतःच्या हाताने खुंटीवरची काठी काढली आणि ड्रायव्हरला दिली. 'लाईन तुझी.' मला म्हणाले, ते लोक शिट्टी ऐकून बाजूला होतील. पुलावर बाजू कुठली असते रे बेटा?"

"आणि चौकशीत तुम्ही सांगितलंत की भागोजीने काठी मागितलीच नाही."

"चार मुली होत्या घरात," करमअली म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "तुला ऐकू येतं ना?"

मी मान डोलावली.

ते आत गेले आणि हिरव्या फडक्यात गुंडाळलेली काठी घेऊन आले. फडकं ओलं होतं. त्यांनी ती आपल्या दोन्ही हातांनी माझ्या दोन्ही हातांत दिली.

"नोकरी गेली, पण लाईन बंद झाल्यावरही मी त्या खोलीत बसायला जायचो. तो रोज येतो. रोज मागतो. मी दोनदा काठी बाहेर धरली. त्याने घेतली नाही. ज्या हाताने त्याच्यावर खोटं लिहून दिलं, त्या हातातून कशी घेईल? तुझा हात साफ आहे. त्याने मागितली की दे. 'लाईन तुझी' म्हण. जाऊ दे त्यांना पूल ओलांडून."

"देईन," मी म्हणालो. "पण आधी सही."

"सही नंतर घे ना रे! आधी त्यांना सोडव."

"चाचा, ते सुटले तर शिवदासरावही सुटतील."

तेव्हा मला हे वाक्य फार आवडलं होतं. स्टेशनावर परत येताना मी ते दोनदा मोठ्याने म्हटलं.

४

मी तर्कशास्त्र शिकलेला माणूस आहे. दुसऱ्या दिवशी काठी खुंटीला अडकवली आणि दोन वाजताच बांधावर जाऊन उभा राहिलो. कोळी पलीकडे होडीच्या फटींत काथ्या ठोकत होते. तोच आवाज पाण्यावरून येत असेल असं धरून चाललो होतो. त्यांना मी अर्धा तास हात थांबवायला सांगितलं. ते हसले, पण थांबले.

तीनला दहा कमी असताना मी खाली बसून जमिनीला हात लावला. रूळ काढून तीन वर्षं झाली होती, खडीवर गवत माजलं होतं, माती दमट होती. पण तिच्यात दोन पट्ट्या होत्या. बोटभर रुंद, अडीच फुटांच्या अंतरावर, सरळ तिवरांकडे गेलेल्या. दिसायला गवतच. हाताला मात्र त्या तापल्या होत्या. ऑक्टोबरच्या उन्हात लोखंड तापतं तशा. मी हात मागे घेतला तर बोटांना गंजाचा वास येत होता.

मग माझ्या कानाशेजारून ते गेले. वारा आला नाही, काही दिसलं नाही. फक्त दोघांचे श्वास, आणि मधूनच एक कुरकुर. चाकाला वंगण नसलं की होते तशी. कोळ्यांनी काही ऐकलं नव्हतं. "झालं का, शाळामास्तर?" त्यांनी ओरडून विचारलं.

इथे मला एक गोष्ट लिहिली पाहिजे. आतापर्यंत ती कोणाला सांगितलेली नाही. करमअलींनी माझा हात साफ आहे असं म्हटलं, तेव्हाही मी गप्प राहिलो.

त्या गाडीत मी होतो. कॉलेजचं पहिलं वर्ष, दिवाळीची सुट्टी, वय सतरा. मी डायरेक्टरांच्याच लाँचने आलो होतो. गाडी नाही म्हणून सात मैल चालत जायची तयारी केली होती, तेवढ्यात डायरेक्टरांसाठी गाडी जोडली गेली आणि शिवदासरावांनी मला हात केला. "चला विद्यार्थी, तुमचं नशीब!" मी धावत चढलो. पुलावर धक्का बसला, फार मोठा नाही. आम्हाला उतरवून पायी पुढे नेलं. कुणीतरी म्हणालं, डावीकडे बघू नका. मी बघितलं नाही. खाली खाडीत कुणीतरी "मास्तर, मास्तर" म्हणत होतं. मी ट्रंक खांद्यावर घेऊन चालत राहिलो. संध्याकाळी घरी आईने करंज्या वाढल्या. मी पाच खाल्ल्या.

सात वर्षं मी शिवदासरावांचा जो द्वेष केला, त्यातला किती त्यांचा होता आणि किती माझा, हे मी कधी मोजून पाहिलं नाही.

५

शिवदासराव किहीमला नारळीच्या वाडीत बंगला बांधून राहत होते. मी त्यांना पत्र लिहिलं. आपल्या दूरदृष्टीने उभ्या राहिलेल्या लाईनीचा इतिहास मी लिहीत असून, ग्रंथाच्या आरंभी आपलं छायाचित्र, आपण बांधलेल्या बांधावर उभे असताना घेतलेलं, असावं अशी इच्छा आहे. खादी घालून, रोज टकळीवर सूत काढून मी ते खोटं पत्र लिहिलं आणि मला त्याची लाज वाटली नाही. उत्तर पाचव्या दिवशी आलं. नोव्हेंबरच्या सुरुवातीला ते आगरदांड्याहून तरीने दिघीला उतरले, तिथून बैलगाडीने कारवण्याला आले. सत्तरीला टेकलेले, पण ताठ. पांढरा कोट, चकचकीत काळे बूट.

"अरेच्चा, खिडकी तशीच आहे की!" त्यांनी खोलीत येऊन चौफेर पाहिलं. "करमअली इथे बसायचा. भित्रा माणूस. पण अक्षर सुरेख."

अडीच वाजले होते. मी चहा दिला आणि कागद पुढे ठेवला. त्यात पाच ओळी होत्या: मुकादम भागोजी याने काठी मागितली होती, ती माझ्या हुकमावरून देण्यात आली नाही, ट्रॉली लाईनीवर आहे हे ठाऊक असताना मी स्वतः इंजिनाला काठी दिली. खाली सहीला जागा.

त्यांनी चष्मा लावून कागद वाचला. चष्मा काढला. रागावले नाहीत.

"फोटो हे निमित्त होतं तर."

"हो."

"तुम्हा तरुणांना प्रत्येक मढ्यामागे एक खुनी लागतो. अहो, खाडीत माती ढकलून मी सात मैल गाडी चालवली. चार माणसं दगावली, वाईट झालं. पण त्या मुकादमाला पाय नव्हते? काठी मिळाली नाही तर जायचं नव्हतं."

"तो गेला नसता तर तुम्ही त्याला काढून टाकलं असतंत."

"अर्थात." त्यांनी चहाचा घोट घेतला. मग माझ्याकडे रोखून पाहिलं. "थांबा. थांबा हं. बोर्लीचे ना तुम्ही? ट्रंक घेऊन उभे होतात. मीच हात केला होता तुम्हाला!" ते मनापासून हसले. "म्हणजे तुम्ही त्या दिवसाचे माझे उतारू! मग? वेळेवर पोचलात ना घरी? दिवाळी झाली ना गोड?"

मागच्या दाराशी गोदूबाई उभी होती. तिने ते ऐकलं. तिच्याकडे बघायचं मी टाळलं.

"सही करा," मी म्हटलं. माझा आवाज मलाच परका वाटला.

"नाही करणार. करून त्या बाईला काय मिळणार?" ते उठले. "पण आलोच आहे तर बांध बघून जातो. पूल शाबूत आहे का? तो मी स्वतः आखला होता." आणि काठी टेकायला नसल्यामुळे भिंतीचा आधार घेत ते फलाटावर गेले.

गोदूबाई पुढे आली. "जाऊ द्या त्येला," ती मला म्हणाली. "फिरून ईल तवा गोडीनं मागा. म्हातारा मानूस, दमला की करंल सही. आज न्हाय तर उद्या. मी इतकी वरसं थांबलीय."

तिचं बरोबर होतं. नंतर अनेकदा विचार केला, तिचंच बरोबर होतं.

६

कागदावर सावली पडली.

या वेळी मी वर पाहिलं. खिडकीत उजेडाचा चौकोन होता आणि त्या चौकोनात कुणीही नव्हतं. पण फळीवर चार बोटांचे ओले ठसे उमटले. आणि आवाज आला. नम्र, थोडा घोगरा, घाईतल्या माणसाचा.

"मास्तर, काठी द्या."

मी काठी खुंटीवरून काढली. हात फक्त दोन वीत पुढे करायचा होता. 'लाईन तुझी' हे दोन शब्द म्हणायचे होते. एवढ्यासाठीच करमअलींनी ती माझ्या हातात दिली होती.

खिडकीतून मला बांधावरचा पांढरा कोट दिसत होता. ते आरामात चालले होते. मध्येच थांबून बुटाने खडी उकरून बघत होते, जशी काही अजून त्यांचीच होती.

"मास्तर," पुन्हा आवाज आला. "काठी."

मी दाराने बाहेर पडलो. फलाटावरून उडी मारून धावत बांधावर गेलो आणि त्यांना गाठलं.

"शिवदासराव, ही घ्या. आधाराला होईल."

त्यांनी काठी पाहिली आणि त्यांचा चेहरा एकदम उजळला. "अरे, आमची काठी! ही अजून आहे?" त्यांनी हात पुढे केला. मी ती सोडली नाही. दोघांचे हात तिच्यावर असताना मी त्यांच्या डोळ्यांत बघून म्हटलं, "लाईन तुमची."

जुनी सवय. ते हसत म्हणाले, "लाईन माझी."

मी काठी सोडली आणि फलाटाकडे वळलो. ट्रॉली लाईनीवर आहे, हे मला ठाऊक होतं. एवढंच इथे स्पष्ट लिहितो. मला ठाऊक होतं आणि मी त्यांना काठी दिली. ते वळणावरून तिवरांत शिरले. काठीचं पितळ खडीवर टक्, टक् करत गेलं. मग माझ्या मागून, फलाटासमोरून, पावलं निघाली.

ती माझ्या अंगावरून गेली. पावलांचा वेग रोजच्यासारखाच होता. घाई नाही, राग नाही. कामावर निघालेल्या माणसांची चाल. तिवरांच्या तोंडाशी काही फांद्या बाजूला सरल्या आणि त्या फटीत मी त्यांना पाहिलं. पापणी लवायच्या आत संपलं, पण पाहिलं. दोन उघड्या पाठी, हात पसरून तोल सावरत धावणाऱ्या. त्यांचे पाय जमिनीला लागत नव्हते; जमिनीपासून वीतभर वर, जिथे पूर्वी रूळ होते, तिथे लागत होते. त्यांच्यापुढे बसलेले दोघे. त्यांतल्या एकाच्या डोक्याला मुकादमाचं लाल मुंडासं होतं. तो पुलाकडे बघत नव्हता. मान पूर्ण वळवून तो मागे बघत होता.

शिवदासरावांकडे त्याचं लक्षच नव्हतं. तो माझ्याकडे बघत होता.

टक् टक् थांबलं. मग कुणीतरी, खूप आश्चर्य वाटल्यासारखं, फक्त "अहो!" म्हणालं.

७

भरती ओसरल्यावर ते पुलाखाली सापडले. पाय घसरून पडले असा पंचनामा झाला. छातीच्या फासळ्या मोडल्या होत्या. पुलाच्या खांबावर आदळल्या असतील असं डॉक्टरांनी लिहिलं. डाव्या बुटावर आडवा, बोटभर रुंदीचा, चेपल्यासारखा वण होता. त्याबद्दल कुणी काही लिहिलं नाही. काठी सापडली नाही. कोळ्यांनी दोन दिवस चिखल चाळला.

मला आनंद झाला होता. खोटं लिहायचं नाही असं ठरवलं आहे, म्हणून हेही लिहितो. त्या रात्री मी गाढ झोपलो.

सकाळी गोदूबाई भाकरी घेऊन आली नाही. रिकाम्या हाताने आली आणि उंबऱ्यात उभी राहिली.

"कागद?"

"गोदूबाई, तो मेला. तुमच्या नवऱ्याला ज्याने मारलं तो..."

"कागद झाला का?"

"नाही."

"म्हंजी माझ्या धन्यानं तिघं मारली, हे तसंच ऱ्हायलं."

"मी पुस्तकात लिहीन. सगळं लिहीन."

"तुमी? तुमी व्हता ना गाडीत?" तिचा आवाज चढला नाही. "तुमी लिवलं तर कोन धरंल खरं? ज्याच्या तोंडून खरं निघालं असतं, त्येलाच तुमी बुडवलात. तुमचा राग भागला, बाबा. बरं झालं. माझ्या मान्साचं नाव पन त्याच खाडीत गेलं."

ती गेली. मी हाक मारली, तरी थांबली नाही. पुढे ती सासवण्याला भावाकडे गेली असं ऐकलं. करमअली त्याच महिन्यात वारले. शेवटच्या भेटीत त्यांनी मला एकच विचारलं, "दिलीस ना त्याला?" मी "हो" म्हटलं. त्यांनी डोळे मिटले. माणसाला सुखाने मरू द्यावं म्हणून खोटं बोललो असं मी स्वतःला सांगतो. करमअलींच्या घरात चार मुली होत्या. माझ्या घरात कुणीच नव्हतं.

तीनला दहा कमी असताना आता खिडकीशी कुणी येत नाही. कुणी काही मागत नाही. पावलं निघत नाहीत. पहिल्या दिवशी मला वाटलं, सुटले.

मग तीन वाजून दहा मिनिटांनी पुलाकडून आवाज येऊ लागला. अनवाणी पावलांचा नव्हे. बुटांचा. खडीवर एक पाय ओढत, सावकाश. टक्, टक्, टक्. तिवरांतून बाहेर, बांधावरून फलाटापर्यंत, फलाटावरून खिडकीशी. तिथे तो थांबतो. आणि फळीवर पितळ आपटतं. एकदा, मग थांबून पुन्हा एकदा. काठी परत द्यायला आलेला माणूस मास्तरचं लक्ष वेधायला ठोकतो, तसं.

तिसऱ्या दिवशी मी ट्रंक भरली आणि बोर्लीला आलो. इथल्या खोलीला खिडकी नाही. बांध इथून सात मैल. पहिला आठवडा शांत गेला. मग लक्षात आलं की तो रोज थोडा पुढे येतो आहे. काल ठोका दारावर पडला.

मला नियम पाठ आहे. काठी जमिनीवर ठेवायची नाही, फेकायची नाही, तिसऱ्याकरवी पाठवायची नाही. ज्याने दिली त्यानेच परत घ्यायची. तो 'लाईन मोकळी' म्हणायला आला आहे, आणि मी हात पुढे करीपर्यंत त्याला जाता येणार नाही. हात पुढे केला तर काठी माझ्या हातात येईल, आणि ज्याच्या हातात काठी, त्याची लाईन.

इतिहासाचं शेवटचं पान मी कोरं ठेवलं आहे. लाईन बंद झाल्याची तारीख त्यात घालायची आहे.

तीन वाजून नऊ मिनिटं झाली आहेत. दाराच्या फटीतून रस्त्यावरचं ऊन दिसतं आहे, शेजारी कुणी सुपारी फोडतं आहे. त्या आवाजाच्या खाली दुसरा आवाज आहे. एक नाही, दोन. एक बुटांचा, दाराकडे येणारा. आणि दुसरा त्याच्या मागे, लांबून, अनवाणी, पावलाला पाऊल जुळवून येणारा. आज ते चौघेही लाईनीवर आहेत.